बारा नंबरची सूचक

साडेदहाच्या सुमारास भिंतीपलीकडे धाकट्याचा आवाज चढला, तसा थोरलीने पॉलिशचा बोळा डब्याच्या काठावर ठेवला. भिंत नऊ इंचांची होती. तिच्यातून काय ऐकू येतं आणि काय येत नाही, हे सहा वर्षांत थोरलीला पाठ झालं होतं. भांडण शब्दाशब्दाने ऐकू यायचं, समजूत मात्र कधीच यायची नाही. आज भांडणच होतं, पण धाकटा नेमका कशावरून तोंड सोडतोय तेवढं कळत नव्हतं.

"अकरा! अकरा म्हणे! माझ्या बापाचं घर, आणि तो दीडदमडीचा कारकून मला सांगतो, तुम्ही अकरा नंबरात!"

"ओरडू नका. आधी कागद खाली ठेवा," हा धाकटीचा, थोरलीच्या जावेचा आवाज. मोटार शिकवताना ती असंच बोलते. अर्धा वॉर्ड तिच्याशेजारी बसून 'ब्रेक, ब्रेक' ऐकत गाडी शिकला होता. शाळेसमोरचा गतिरोधक, वळणावरचा आरसा, दवाखान्यापुढचे पांढरे पट्टे, सगळं तिने नगरपालिकेच्या पायऱ्या झिजवून करून घेतलेलं. यंदा ती बारा नंबरातून निवडणुकीला उभी राहणार, हे तिने सांगायच्या आधीच गल्लीतल्या लोकांनी ठरवून टाकलं होतं.

थोरलीनेही ते भिंतीतूनच ऐकलं होतं. सांगायला कोणी आलं नव्हतं. येणार तरी कसं? या घराला लोक 'दारवाले' म्हणत. आजेसासऱ्यांपासून तीन पिढ्या दारं बनवत आल्या. सासरे गेल्यावर धाकटा म्हणाला, कारखान्यातली तयार दारं आणून विकू. थोरलीचे यजमान, घरात सगळ्यांचे दादा, म्हणाले, बापाच्या बाकावर बाहेरचं दार ठेवलंस तर हात तोडीन. बोलाचाली वाढली आणि दोन स्वयंपाकघरांमधल्या बोळात विटा चढल्या. सगळ्या उपनगराला दारं पुरवणाऱ्या घरात दोघा भावांच्या मध्ये मात्र दार राहिलं नाही. आता धाकट्याच्या चुलीपासून थोरलीच्या चुलीपर्यंत यायचं तर मागच्या गल्लीने निघा, पेट्रोल पंपाला वळसा घाला, बेकरीपासून मोठ्या रस्त्याला लागा. बारा मिनिटं लागत. थोरली एकदा तशी चालत गेली होती, भिंत झाली त्याच आठवड्यात. धाकटीने दार उघडलं नव्हतं.

तेव्हापासून ती गेली नाही.

बारा मिनिटांनी बबडी धापा टाकत पॉलिशच्या खोलीत आली. बबडी ही धाकट्याची मुलगी. यंदा पहिल्यांदा मतदार झालेली, आणि भिंत न मानणारी घरातली एकटीच.

"मोठी आई, घोळ झालाय."

"ऐकला. अर्धा ऐकला. उरलेला तू सांग."

"आईचा अर्ज परत दिला. अर्जावर आईचं नाव सुचवणारा सूचक लागतो आणि त्याला दुजोरा देणारा अनुमोदक लागतो. दोघंही त्याच वॉर्डातले मतदार हवेत. आई शहरात कुठेही उभी राहू शकते, पण सही करणारे बाराचेच हवेत. सूचक बाबा, अनुमोदक मी."

"मग?"

"मग आम्ही बाराचे नाहीच! भिंत घातली तेव्हा बाबांनी हट्टाने मागच्या गल्लीचा वेगळा घरनंबर घेतला ना? 'माझं दार वेगळं, माझा नंबर वेगळा.' मागची गल्ली यंदा अकरात गेली. पुढचा रस्ता बारात. वॉर्डाची हद्द म्हणजे," बबडीने भिंतीवर हात आपटला, "ही!"

थोरलीला हसू आवरेना. हसायची वेळ नव्हती हे तिला कळत होतं. पण सहा वर्षांपूर्वी घरनंबराच्या पितळी पाटीला चार खिळे ठोकून मागे होऊन बघणारा धाकटा तिला आठवला, आणि ती तोंडाला फडकं लावून हसली.

"यादी वाचली नव्हती कोणी?"

"बाबा म्हणाले, आपलं घर कुठे आहे ते मला यादीत बघायला लागतं का?"

"दिव्याखाली अंधार, तो असा. किती वाजेपर्यंत वेळ आहे?"

"तीन. आजच. अनुमोदक मिळाल्या, दवाखान्याच्या पट्ट्यांसमोरच्या त्या निवृत्त नर्सबाई. सूचक मिळत नाही. दंतवैद्य म्हणाले, मत नक्की देतो, नाव नको. बेकरीवाले म्हणाले, मत देतो, नाव नको. मत कोण बघतंय, पण अर्जावरचं नाव फीतकापे बघणार ना."

फीतकापे म्हणजे बाराचे सध्याचे नगरसेवक. खरं नाव दुसरंच, पण गेल्या दोन निवडणुकांत त्यांनी कामं कमी आणि फिती जास्त कापल्या होत्या. एकाच बागेचं उद्घाटन तीनदा केलं होतं. यंदा तेही पुन्हा उभे होते आणि लोक त्यांना घाबरून होते.

"म्हणून सगळे इकडे येताहेत," बबडी म्हणाली. "मोठ्या बाबांची सही मागायला."

थोरलीचं हसू जागच्या जागी विरलं. मंगळवारी दुपारी घरच्या कारखान्यात काय झालं ते तिने बघितलं होतं आणि कुणाला सांगितलं नव्हतं.

*

आले सगळे. पुढे धाकटा, हातात परत आलेला अर्ज. मागे धाकटी. तिच्या मागे वन्सं, म्हणजे दोघा भावांची थोरली बहीण. पुलापलीकडे राहायच्या, त्यामुळे त्यांची सही या कामाला उपयोगाची नव्हती, पण सल्ला भरपूर होता. दादा बाकावर रंधा मारत होते. त्यांनी मान वर केली नाही. कानामागची पेन्सिल तेवढी काढून पुन्हा खोचली. थोरली पॉलिशच्या खोलीच्या उंबऱ्यात उभी राहिली, हातात फडकं.

"दादा, एक सही हवी होती," धाकटा म्हणाला. सहा वर्षांनी तोंडातून निघालेलं पहिलं वाक्य ते हे.

"कशावर?"

"हिच्या अर्जावर. सूचक म्हणून."

"नाही जमणार. दिली."

"कुणाला?"

"फीतकाप्याला. मंगळवारी."

रंध्याचा आवाज तेवढा चालू राहिला. मग धाकटा जो सुटला तो सुटला. सख्खा भाऊ, सख्ख्या भावजयीच्या विरुद्ध, त्या माणसाला, ज्याच्या बागेत पाळणे नाहीत आणि पाळण्यांच्या पाट्या आहेत! दादांनी सगळं ऐकून घेतलं. शेवटी रंधा आडवा ठेवला.

"तो आला," दादा म्हणाले. "इथे, या स्टुलावर बसला. चहा प्यायला. म्हणाला, दादा, तुमच्या नावाला वॉर्डात वजन आहे, द्याल का? मी दिलं. तू आला होतास का?"

"आत्ता आलोय ना!"

"आत्ता तुझं नाक दाबलं गेलंय म्हणून तोंड उघडलंय. माझी भावजय निवडणुकीला उभी राहते हे मला पेट्रोल पंपावर कळतं! पंपावर! हवा भरणारा मला सांगतो, अभिनंदन."

"तुम्ही तरी कुठे..."

"मी थोरला आहे!"

"अरे, थोरला आणि धाकटा काय घेऊन बसलात?" वन्सं मध्ये पडल्या. त्या मध्ये पडल्या की भांडण दोघांचं तिघांचं व्हायचं, हा घरचा जुना अनुभव होता. "दादा, तू ती सही परत घे."

"ताई, शब्द दिला तो दिला."

"आणि बाबा गेले तेव्हा त्यांना दिलेला शब्द? भावाला सांभाळीन म्हणालेला?"

"ताई, तू त्याला आधी विचार, बाक कुणी मागितला होता अर्धा कापून!"

"मी अर्धा कापून नव्हतो म्हणालो! मी म्हणालो होतो, वाटणी करायची तर बाकाचीही करा!"

"मग म्हणजे काय वेगळं झालं?"

बबडीने घड्याळाकडे बघितलं. पावणेबारा. धाकटी एव्हाना एका कोपऱ्यात उतारूसारखी उभी होती. थोरली तिच्याकडे बघत राहिली. केस अर्धे पिकलेत, तिला वाटलं. माझ्या डोळ्यांदेखत नाही पिकले, भिंतीपलीकडे पिकले.

मग यादी निघाली. चष्मेवाला? फीतकाप्याचा साडू. शाळेतल्या बाई? सरकारी नोकरी, चालत नाही. वरच्या मजल्यावरचे वकील? ते म्हणाले, कायद्याने हरकत नाही, पण बायको नको म्हणते. वन्संनी सहा नावं सुचवली, त्यांतली दोन माणसं हयात नव्हती. धाकटा फोन लावत होता, ठेवत होता. दादांनी रंधा पुन्हा उचलला, पण लाकडावर टेकवला नाही.

कुणाचीही नजर उंबऱ्याकडे वळली नाही.

थोरलीला राग आला नाही असं म्हणणं खोटं होईल. चांगला सणसणीत राग आला. चौतीस वर्षं ती या घरातलं प्रत्येक दार घासून, पुसून, सात हात पॉलिश देऊन बाहेर पाठवत होती. लोक जिथे हात लावतात, जिच्यात आपला चेहरा बघतात, ती सगळी बाजू तिची. दार लावायच्या आधी दादा त्याच्या वरच्या कडेला, जिथे कुणाची नजर जात नाही तिथे, पेन्सिलीने नाव आणि तारीख घालायचे. सासऱ्यांपासूनची पद्धत. तिचं नाव कुठल्याच कडेला नव्हतं. त्याबद्दल तिची तक्रारही नव्हती कधी. पण आज एका नावासाठी घर डोक्यावर घेतलं होतं आणि एक धडधाकट मतदार, वॉर्ड बारा, यादीतला क्रमांक चारशे सात, फडकं घेऊन उभी होती.

"मी काय म्हणते," थोरली म्हणाली.

"वहिनी, चहा नको, वेळ नाही," धाकटा फोन कानाला लावून म्हणाला.

"चहा कोण विचारतंय तुम्हाला! माझं नाव कुठल्या यादीत आहे?"

फोन खाली आला. बबडीने कपाळावर हात मारला. वन्संनी आधी थोरलीकडे, मग दादांकडे, मग पुन्हा थोरलीकडे बघितलं.

"काखेत कळसा आणि गावाला वळसा!" वन्सं म्हणाल्या. "अगं, तू आहेसच की! पण..." आणि त्यांची नजर परत दादांवर गेली. मग सगळ्यांचीच गेली. एका घरातून नवरा एकाचा सूचक आणि बायको दुसरीची, असं कुणी ऐकलं होतं?

दादा बाकाकडे बघत होते. थोरलीला आता मागे हटायचं नव्हतं.

"त्यांच्याकडे काय बघताय?" ती म्हणाली. "त्यांची सही त्यांनी मला विचारून दिली नाही. माझी मी त्यांना विचारून द्यायची का? पण दिली असं मी म्हटलेलं नाही. मागितली कुठे आहे कोणी?"

धाकटा पुढे झाला. "वहिनी, तुम्ही..."

"तुम्ही नाही. उभं कोण राहतंय?"

धाकटी कोपऱ्यातून निघून उंबऱ्यापाशी आली. दोघी समोरासमोर उभ्या राहिल्या. बोळ उघडा होता तेव्हा वीस वर्षं याच दोघी ताटं घेऊन तिथून जाता-येता एकमेकींची कोपरं चुकवत होत्या.

"जाऊबाई, सही द्याल माझ्या अर्जावर?"

"आधी एक सांग. भिंत झाली त्या आठवड्यात मी फिरून तुझ्या दारात आले होते. तीनदा कडी वाजवली. तू आत होतीस. तुझी चप्पल बाहेर होती."

धाकटीचा चेहरा उतरला. दंतवैद्याचा फोन परत आला होता, तो वाजून वाजून थांबला.

"आत होते," ती म्हणाली. "दाराला पाठ लावून बसले होते. रडत होते. तुमच्यासमोर मी कधी रडले नव्हते, जाऊबाई. म्हटलं, डोळे पुसून उघडू. पुसेपर्यंत तुम्ही गेलात. मग रोज वाटायचं आज जाऊ. आज गेले नाही म्हणून उद्या जास्त लाज वाटायची. अशी सहा वर्षं गेली."

"मूर्ख आहेस," थोरली म्हणाली. तिचा आवाज कापला आणि तिने तो कापू दिला. "मीही आहे. चौथ्यांदा वाजवायला हवी होती. आण तो अर्ज."

*

निवडणूक कचेरीत सव्वादोनला रांग होती. दादा सोडून सगळे धाकटीच्या शिकवण्याच्या मोटारीतून आले होते, वन्संसकट, आणि नर्सबाई परस्पर आल्या होत्या. वाटेत धाकट्याने दोनदा "इकडून घे, तिकडून घे" केलं आणि धाकटीने दोन्ही वेळा ऐकलं नाही. थोरली मागच्या सीटवर बसून एकेक दार बघत आली. हिरवं, ते तिचं. चॉकलेटी दोन झडपांचं, तिचं. कोपऱ्यावरचं शिसवी, त्याला नऊ हात दिले होते, कारण त्या घरात म्हातारा होता आणि त्याला सारखं दार चाचपायची सवय होती.

"प्रचाराला मला घे बरोबर," ती धाकटीला म्हणाली. "तुला यांच्या गाड्या माहीत आहेत, मला दारं. कुणाचं दार पावसात फुगतं, कुणाच्या घरात मधल्या सुनेला विचारावं लागतं, सगळं सांगते."

"तुमच्याशिवाय निघतेच कशाला?" धाकटी म्हणाली.

कारकुनाने अर्ज घेतला, यादीत बोट फिरवलं, थांबला. सकाळी धाकट्याशी याचीच जुंपली होती.

"सूचक, चारशे सात?"

"मीच," थोरली म्हणाली.

"याच घरनंबराचे चारशे सहा दुसऱ्या उमेदवाराचे सूचक आहेत. काही चुकलं तर नाही ना?"

"घर एक आहे, डोकी दोन आहेत. चालतं ना कायद्यात?"

कारकून हसला. "चालतं. व्यवसाय काय लिहू? गृहिणी?"

"पॉलिशकाम," थोरली म्हणाली. "चौतीस वर्षं."

त्याने शिक्का मारला तेव्हा भिंतीवरच्या घड्याळात तीनला वीस मिनिटं कमी होती. बबडीने बाहेर येऊन नर्सबाईंना आणि थोरलीला एकदमच मिठी मारली.

*

परतताना धाकटी मागच्या गल्लीतच थांबली. "आधी माझ्याकडे चहा," ती म्हणाली. हुकूमच तो. थोरली सहा वर्षांनी त्या स्वयंपाकघरात बसली. ओटा बदलला होता, खिडकी तीच होती. बोळ होता तिथे आता कपांची फळी होती. धाकटा अर्जाची पोच पुन्हा पुन्हा वाचत होता, या वेळी नंबरासकट.

पण थोरलीचं चित्त चहात नव्हतं. निघताना दादा काही बोलले नव्हते. तिने चप्पल घालताना त्यांनी फक्त पॉलिशच्या खोलीकडे बघितलं होतं. तिथे गोणपाटाखाली एक दार सहा वर्षं उभं होतं. विटा चढल्या त्याच महिन्यात दादांनी ते केलं. कुणाचं म्हणून विचारलं तर म्हणाले, येईल गिऱ्हाईक न्यायला. गिऱ्हाईक आलं नाही. एका निवांत दुपारी थोरलीने टेप लावून त्याचं माप घेतलं होतं, आणि बंद झालेल्या बोळाची उंची-रुंदी तिला पाठ होती. दोन्ही मापं जुळली, ते तिने मनातच ठेवलं. दरवर्षी त्या दाराला एक हात पॉलिश देत राहिली. आज मी हे जे केलं, ती मनात म्हणाली, त्याने ते दार आणखी सहा वर्षं गोणपाटाखाली राहिलं तर?

तेवढ्यात भिंतीत ठक झालं.

पुन्हा ठक. फळीवरचे कप किणकिणले. गिलाव्याचा पापुद्रा ओट्यावर पडला. धाकटी उठून उभी राहिली. धाकटा म्हणाला, "अरे, हे काय?" आणि फळीच्या वरची एक वीट हलली, मागे सरकली, दिसेनाशी झाली. मग दुसरी. त्या भोकातून, भुवयांसकट पांढरे झालेले, दादा डोकावले.

"कप जरा बाजूला घ्या," ते म्हणाले.

बबडीने भराभर कप उचलले, आणि धाकट्याने फळी खाली घेतली.

"मिळाली का पोच?" दादांनी विचारलं.

"मिळाली," थोरली म्हणाली. "तुम्ही रागावलात?"

"दुपारी रागावलो होतो. मग जेवायला बसलो. एकटाच. मग छिन्नी घेतली." दादा खोकले. "त्या दाराचं गिऱ्हाईक आलंय म्हटलं. वरच्या कडेला नाव घालायचं राहिलंय. ते या खेपेला तू घाल."

कानामागची पेन्सिल काढून त्यांनी ती भोकातून पुढे केली.

थोरलीने लगेच घेतली नाही. "घालीन. पण आधी सांगा, मत कुणाला?"

"सही त्याला दिली. शब्द होता, पाळला. मत मागायला अजून माझ्याकडे कोणी आलेलं नाही."

धाकटीने हात पुसले आणि भोकासमोर जाऊन उभी राहिली. "दादा, मत द्याल मला?"

"बघू," दादा म्हणाले. "सगळ्या उमेदवारांचं ऐकून ठरवीन." आणि धुळीतल्या चेहऱ्यावर इतकं रुंद हसले की धाकटाही हसला, हसता हसता त्याने तोंड फिरवून डोळे पुसले.

थोरलीने पेन्सिल घेतली आणि दादा खोचायचे तशीच आपल्या कानामागे खोचली. मग बाह्या वर सारल्या आणि या बाजूने विटा उतरवायला लागली.